कोणाची काय जिरते

"वयनी, तुमची जिरवतलंय! औंदा जिरवतलंयच! ऐकतास मां?"

आपा आपल्या मळ्याच्या टोकाला, कमरेवर हात ठेवून, व्हाळाच्या, म्हणजे ओढ्याच्या, खालच्या अंगाला तोंड करून ओरडत होता. आपाचा आवाज ज्यांनी ऐकलेला नाही त्यांना एवढंच सांगतो, की एकदा त्याने गुरं वळवायला नुसतं 'हो' म्हटलं, तर कणकवलीच्या स्टँडवर उभी असलेली विजयदुर्गची गाडी कंडक्टरला खाली ठेवून सुटली. रेडीला खनिज भरायला आलेल्या जहाजानेही त्याला उलट भोंगा दिला, असं म्हणतात. म्हणतात म्हणजे आधी मीच म्हणायचो. पण आता बरेच जण म्हणायला लागलेत, तेव्हा ते खरं धरायला हरकत नाही.

खालच्या अंगाला शेवंतीवहिनी पोफळीच्या कोवळ्या रोपांवर माडाच्या झावळीचा आडोसा बांधत होत्या. त्यांनी मान वर केली नाही. गाठ पुरी बसवली, हात झटकले आणि अगदी सावकाश विचारलं,

"भावजी, जिरवा. खुशाल जिरवा. पण माझी काय, ता आधी सांगा."

"काय म्हणजे?"

"म्हणजे माझी काय जिरवतलास? 'तुमचो' नाय, 'तुमचा' नाय, 'तुमची' म्हणतास. मगे माझी असा काय आसा, ज्या तुमी जिरवतलास?"

आपाचं तोंड उघडंच राहिलं. त्या तोंडातून आवाज येत नाही हे दृश्य आमच्या वाडीने तोवर पाहिलं नव्हतं. मी भाताची गोणी सायकलला लावून साकवावरून, व्हाळावरच्या लहान पुलावरून, चाललो होतो, तो तिथेच थांबलो. व्हाळाचं पाणीसुद्धा थांबलं, असं मी पुढे कितीतरी जणांना सांगितलं आहे.

दर वर्षी हे दिवस आले की मला त्या दोघांचं ते बोलणं आठवतं. कापणी होऊन मळे मोकळे पडलेले असतात. माझ्या गिरणीत दिवसभर भात भरडणं चालतं. कोंड्याची भुकटी माझ्या भुवयांवर बसते आणि मी संध्याकाळपर्यंत आपोआप म्हातारा होतो. कुळथाचे दोन पानांचे कोंब ओलाव्याला धरून वर आलेले असतात. सकाळी धुकं मळ्यावर असं पसरतं, की माझी म्हैस एकदा त्याला पेज समजून प्यायली. आणि पावसाळाभर अंगावर धावून येणारा व्हाळ आता दगडांच्या फटींतून वाट काढत, हळू आवाजात काहीतरी पुटपुटत जातो. मोठ्या भांडणानंतर माणूस घरात फिरतो ना, तसा.

अशा वेळी 'जिरवणे' हे क्रियापद कानाशी येऊन बसतं.

वहिनींच्या त्या प्रश्नाने आमच्या गिरणीवर आठवडाभर काम कमी आणि चर्चा जास्त झाली. मराठी माणूस रोज कोणाची ना कोणाची जिरवत असतो. सून सासूची जिरवते, भाऊ भावाची, निवडणुकीत खालची वाडी वरच्या वाडीची. पण 'तुझी' म्हटल्यावर पुढे जे नाव यायला हवं ते कुणी घेत नाही. व्याकरणात एक बाई उभी आहे आणि तिचा चेहरा कुणी पाहिलेला नाही! एकजण म्हणाला, ती मस्ती. दुसरा म्हणाला, रग. कोणी मिजास सुचवली, कोणी घमेंड, कोणी खुमखुमी. भात घेऊन आलेली एक म्हातारी कोपऱ्यात बसून सगळं ऐकत होती. ती म्हणाली, "तुमची जीभ आधी जिरवूक व्हयी. माझा भात कधी भरडतलास?" जीभही स्त्रीलिंगीच, म्हणून तीही यादीत घेतली.

मग मी मुलीचा जाडा शब्दकोश काढून बसलो. संस्कृतात एक 'जॄ' धातू आहे. त्याचा अर्थ झिजणं, जुनं होणं, पचणं. त्याच्यातूनच जरा आली, म्हणजे म्हातारपण. जीर्ण आलं, अजीर्ण आलं. आणि मला ज्याचं फार कौतुक वाटलं ते फोडणीतलं जिरंही त्याच घरातलं निघालं. जे खाल्लेलं पचवतं ते जिरं. म्हणजे 'तुझी जिरवतो' म्हणून दंड थोपटणारा माणूस खरं तर समोरच्याला पचवून देण्याचं आश्वासन देत असतो! ज्या शब्दाने आम्ही एकमेकांच्या अंगावर जातो, तो मुळात पोटदुखीवरचा शब्द.

या शब्दाची इतर कामंही तशीच घरगुती. बांगड्याला लावलेलं मीठ जिरतं. पायाची सूज जिरते. तेल डोक्यात जिरतं, आणि आई पाठीवरून हात फिरवत बसली तर रागही जिरतो. यातलं काहीच एका तडाख्यात होत नाही. हरवायचं म्हटलं तर एका डावात हरवता येतं, आपटायचं तर क्षणात आपटता येतं. जिरवायला मात्र बसून राहावं लागतं. आणि जिरलेलं नाहीसं होत नाही, ते फक्त दिसेनासं होतं. हे सगळं मला तेव्हा कळलं होतं असं मुळीच नाही. तेव्हा मी फक्त मजा बघत होतो.

मजेसारखं खरं त्यात फारसं काही नव्हतंच.

आपा हा शेवंतीवहिनींचा चुलत दीर. वहिनींचा नवरा, आमचा दादा, गेल्यापासून त्या घरात एकट्या. मुलगा संदेश मुंबईला नोकरीत. दादा असताना त्यांची पोफळीची बाग अशी दाट होती, की भर दुपारी आत शिरताना मी बॅटरी घेऊन जायचो. तो गेला, मग एका उन्हाळ्यात बाव, म्हणजे विहीर, पार कोरडी पडली आणि बागही वाळली. राहिले ते नुसते सरळसोट खांब. त्या वर्षीच्या पावसात वहिनींनी जुने खांब काढून नवी रोपं लावली. दिवाळीला संदेश आला, त्याने ती पाहिली आणि कपाळाला हात लावला.

"आये, शिमग्याक बाव आटता, ठावक आसा मां तुका? ह्यांका पाणी खंयसून हाडतलंस? डोक्यार कळशे घेवन? त्यापरास चल माझ्याबरोबर."

वहिनी म्हणाल्या, "ह्या उन्हाळ्यात पोफळी जगल्यो तर माका परत इचारू नको. मेल्यो तर मी आपणहून पिशी भरतंय."

हे बोलणं ओटीवर झालं आणि संध्याकाळपर्यंत वाडीभर झालं. म्हणजे त्या हातभर उंचीच्या रोपांवर वहिनींचं सगळं घर टांगलेलं होतं. मे महिन्यात ती हिरवी असली तर वहिनी इथे; नसली तर कुठल्याशा इमारतीच्या वरच्या मजल्यावर, खिडकीच्या गजांतून समोरची खिडकी बघत. हे वाडीला माहीत होतं. आपालाही माहीत होतं.

आणि आपाचं भांडण? ते गणपतीतलं. आपा आमच्या वाडीच्या भजनाचा बुवा. आवाज मोठा असला की गाणं येतं अशी त्याची समजूत आहे, आणि ती दूर करायची म्हणजे त्याच्या आवाजापेक्षा मोठ्याने बोलावं लागेल, म्हणून ती राहिली आहे. त्या वर्षी वहिनींच्या ओटीवर त्याने डोळे मिटून एक तान मारली. तान संपली. चण्याची उसळ वाटता वाटता वहिनी म्हणाल्या, "भावजी, जरा दमान. गोठ्यात म्हशीन दावा तोडल्यान." पखवाजवाला एवढा हसला की त्याच्या पखवाजाची शाई निघाली. तेव्हापासून आपाला वहिनींची जिरवायची होती. मात्र मोठ्या भावाची बायको, म्हणून 'तुझी' नाही, 'तुमची'. शत्रुत्वातही त्याने आदरार्थी बहुवचन सोडलं नाही.

पण जिरवायची कशी, ते सुचत नव्हतं. ते त्याला सुचवलं सरकारने.

ग्रामपंचायतीच्या भिंतीवर मोठ्या निळ्या अक्षरांत लिहिलेलं होतं, 'पाणी अडवा, पाणी जिरवा'. आमच्याकडचा पाऊस अक्षरओळख असलेला असावा. त्याने बरोबर दुसऱ्या 'पाणी'वर शेवाळ धरवलं आणि तो शब्द गिळून टाकला. उरलं ते असं: पाणी अडवा, मग थोडी हिरवी जागा, आणि जिरवा. आपा त्या भिंतीसमोर बराच वेळ उभा राहिला. मग तडक माझ्या गिरणीत आला.

"वाचलंस? सरकारान सोता लिवल्यान हा. पाणी अडवा, जिरवा."

"आपा, ता पाण्याबद्दल आसा."

"अडवचा ता पाणी. जिरवची कोणाची, ता लिवक नाय. ता ज्येचा तेना ठरवचा."

झालं. व्हाळावर बांध घालायचा, वहिनींच्या बागेत जाणारा पाट कोरडा पाडायचा, आणि वहिनी पदर खोचून त्याच्या दारात आल्या की सावकाश सांगायचं, की आता ऐका तान. असा बेत त्याने मला हातवारे करून सांगितला. व्हाळावर मातीच्या पिशव्यांचा बांध आमची वाडी अधूनमधून घालतेच, पण वर, आपाच्या मळ्याच्या माथ्याला. तिथे तळ घट्ट आहे आणि पाणी ठरतं. आपाने या वेळी जागा निवडली ती खाली, आपल्या मळ्याच्या शेवटाला, वहिनींच्या हद्दीला लागून. तिथे व्हाळाच्या तळाला नुसता जांभा. जांभा म्हणजे दगड थोडा आणि भोकं फार. मी म्हटलं,

"अरे आपा, हय पाणी ठरूचा नाय. वर घाल, तुझ्या मळ्याक तरी गावतला."

"तू भात भरड," आपा म्हणाला.

बांधाच्या दिवशी आपाने वडे-सागोती जाहीर केली. सागोतीसाठी आमची वाडी विजयदुर्गाचा तट उचलून मालवणात आणून ठेवील, तिथे सिमेंटच्या रिकाम्या पिशव्यांत माती भरणं म्हणजे काय! दुपारपर्यंत बांध उभा राहिला. पाणी मागे फुगलं, त्यात आभाळ उतरलं, एक खंड्या येऊन बसला. आणि खालचा पाट, जो सकाळी वाजत होता, तो गप्प झाला. हे बरोबर नाही, असं मी आपाला म्हटलंही. पण सागोती तोंडात असताना म्हटलेलं समोरच्याला नीट कळत नाही.

वहिनी दारात आल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी नाही, तिसऱ्या दिवशीही नाही. त्यांनी बावीवरून कळशी भरली, कमरेवर घेतली आणि एकेका रोपाला तांब्याने पाणी घातलं. पुन्हा बाव, पुन्हा कळशी. माघाचं ऊन पाठीवर घेत त्या वाकत होत्या आणि उठत होत्या. काही रोपांची खालची पानं पिवळी पडली. मी साकवावरून जाताना सायकलची घंटा वाजवणं सोडलं. कोणाच्या घरात आजारी माणूस असलं की आपण पाय न वाजवता जातो, तसं.

आणि आपाचं काय चाललं होतं? त्याचं तळं रोज खाली जात होतं. सकाळी गुडघाभर दिसलेलं पाणी संध्याकाळी घोट्याला यायचं, वरून व्हाळ पुन्हा भरायचा, ते पुन्हा कुठेतरी निघून जायचं. आपा रोज यायचा, तळ्याला चार शिव्या घालायचा. शिव्या घालता घालता बांधाची कललेली पिशवी सरळ करायचा, फुटलेली बदलायचा, आणि निघून जायचा. जो बांध पाणी धरत नाही त्याची एवढी उस्तवार कशाला, हे मला कळत नव्हतं. विचारायला गेलो तर म्हणाला, "तुझ्या गिरणीचो पट्टो सैल झालो, तो बघ."

शिमगा आला. होळी पेटली, रोंबाटाची मिरवणूक निघाली, सोंगं दारोदार नाचली. दर वर्षी या सुमाराला वहिनींच्या बावीचा तळचा कातळ दिसायला लागतो आणि बादली त्यावर आपटून ठणठण वाजते. तो ठणठणाट म्हणजे आमच्या वाडीचा उन्हाळा सुरू झाल्याची घंटा. त्या वर्षी ती वाजलीच नाही. बायका एकमेकींना विचारू लागल्या. शेवटी मी पाणी प्यायच्या निमित्ताने वहिनींकडे गेलो आणि बावीत डोकावलो. खालून एक दाढी वाढलेला माणूस माझ्याकडे बघत होता. पाणी इतकं वर, की वहिनी काठावर बसून तांब्याने कळशी भरत होत्या, असं मी गिरणीवर सांगितलं. खरं म्हणजे दोर सोडावा लागत होता. पण निम्माच.

मग सगळ्या वाडीच्या डोक्यात उजेड पडला. आपाने अडवलेलं पाणी जांभ्याच्या भोकाभोकांतून खाली उतरलं होतं, आणि उतरून उतरून जायचं कुठे, तर शेजारच्या बावीत. दोन महिने आपा वहिनींची जिरवत होता, आणि ते इतकं अक्षरशः जिरलं होतं! वाडी हसली. मळ्यांत हसली, गिरणीवर हसली. आपाला बघून पोरंसोरं विचारू लागली, "आपानु, जिरली काय?" आपा अंगावर धावून जायचा आणि शिव्या द्यायचा. त्या शिव्या वेंगुर्ल्यापर्यंत गेल्या आणि तिथल्या लोकांनी त्या आपल्यासाठी आहेत असं समजून परत केल्या.

मी तेव्हा हसलोच. पण घरी जाताना साकवावर थांबलो. खाली बांध होता, मागे थोडं पाणी, त्यावर सावल्या. पाणी मुळीच हलत नव्हतं, तरी ते चाललेलं होतं. राग असाही जात असेल काय, असं मनात आलं. वरून बघणाऱ्याला तो साचलेलाच दिसतो, आणि आतून कुणाच्यातरी बावीत उतरत असतो.

मे महिन्यात संदेश आला. येताना मोठी रिकामी बॅग घेऊन आला, आईचे कपडे भरायला. मी तेव्हा वहिनींच्या खळ्यात, दारापुढच्या अंगणात, होतो, कारण त्या दिवशी तिथे असणं मला आवश्यक वाटलं. वहिनींनी त्याला चहासुद्धा विचारला नाही. बादली हातात दिली.

"जा, पाणी काढ."

संदेशने लहानपणापासूनच्या सवयीने दोराचं सगळं भेंडोळं मोकळं केलं आणि बादली सोडली. ती लगेच पाण्यात बसली. बाकीचा दोर त्याच्या हातात तसाच राहिला. तो त्या दोराकडे बघत राहिला, मग बावीत, मग बागेकडे. दोन-तीन रोपं गेली होती. बाकीची हिरवी होती. त्यांच्यामधून वारा जाताना पानं एकमेकांना घासत होती.

"आये, ह्या पाणी खंयसून इला?"

"तुझ्या काकान माझी जिरवल्यान," वहिनी म्हणाल्या.

"मगे?"

"मगे काय. जिरली."

पदराचं टोक त्यांनी डोळ्यांना लावलं. उन्हामुळे, असं त्या म्हणाल्या, आणि ऊन होतंही. संदेश मग मुंबईहून आणलेल्या पेढ्यांचा बॉक्स घेऊन आपाकडे गेला. आपाची आरोळी आम्हाला इथपर्यंत ऐकू आली. "माझ्या बांधाचा पाणी तुझ्या आवशीन घेतल्यान, आणि तू माका पेढे देतंस? लाज नाय?" पण संदेश परत आला तो रिकाम्या हाताने, बॉक्स काही परत आला नाही. रिकामी बॅग मात्र रिकामीच मुंबईला गेली.

याला आता काही वर्षं झाली. पोफळी माझ्या डोक्यावर गेल्या आहेत. आणखी थोड्या वाढल्या की विमानं वळसा घालून जातील. वहिनी आहेत, त्यांची म्हैस आहे, गणपतीत आपाची तान आहे आणि तानेनंतरची उसळही आहे. दोघं एकमेकांशी धड बोलत नाहीत. दर वर्षी कापणी झाली की आपा बांध घालतो. एकदा चुकला, दोनदा चुकला असं म्हणता येईल. दर वर्षी त्याच भोकांच्या जागी माणूस चुकतो कसा, हे मात्र वाडीत कोणी मोठ्याने विचारत नाही. मीही इतकी वर्षं विचारलं नव्हतं. ज्या गोष्टीत थापा मारायला भरपूर जागा आहे तिच्यात खरं विचारून कोण घाण करील?

काल सकाळी साकवावरून येत होतो. धुकं नुकतं उठत होतं. खाली आपा एकटाच पिशव्यांत माती भरत होता. केस पांढरे झालेत, वाकताना गुडघ्यावर हात ठेवतो. का कोण जाणे, सायकल कठड्याला लावली आणि खाली उतरलो. एक पिशवी धरली. दोघांनी मिळून ती जागेवर ठेवली. पाण्याने तिच्याभोवती थोडा वेळ वाट शोधली, मग मागे फुगू लागलं. मी म्हटलं,

"आपा, खरा सांग. हयसर घातलेला पाणी सगळा वयनीच्या बावीत जाता. तुका पयल्यापासून ठावक होता मां? मगे दर वर्षी हयच कित्या घालतंस?"

आपाने पिशवीचं तोंड आवळलं, सुतळीची गाठ मारली, आणि माझ्याकडे न बघता म्हणाला,

"वयनीची अजून जिराक नाय."